पुढे न गेलेली तारीख

“सीक्रम्, सीक्रम्! उशीर होईल!” म्हणत अण्णा चपला पायात सरकवायचे. उशीर कधीच झालेला नसे. चेन्नईच्या एग्मोर स्टेशनवर गाडी फलाटाला लागायच्या कितीतरी आधी ते बाकावर बसलेले असत. माझ्या मुलीच्या बारशाला आले तेव्हा आम्ही खुर्च्या मांडत होतो. अर्ध्या मग त्यांनीच मांडल्या. असा एखादा माणूस तुमच्याही ओळखीत असेल.

अंबत्तूरच्या कारखान्यात ते माल तपासायचे, मी स्टोअरमध्ये होतो. मी साताऱ्याचा, ते पिढ्यान् पिढ्या तंजावरचे. त्यांच्या जुन्या वळणाच्या मराठीला तमिळ हेल होता. मी त्यांना अण्णा म्हणायचो.

एकदा ब्रेकचे सदोष भाग पास करायला अण्णांनी आणि त्यांचा मित्र सेल्वम यानं नकार दिला. दोघांनाही कामावरून काढलं. दोघं कामगार न्यायालयात गेले. वकिलांचे निरोप सेल्वमकडे येत, तो अण्णांना सांगे.

अण्णांच्या साक्षीच्या आदल्या दिवशी सेल्वम त्यांच्या घरी आला. मी तिथंच होतो. कॉफी पीत तो म्हणाला, “तारीख पुढे गेली, अण्णा. उद्या आराम करा.”

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी वकिलांचा फोन आला. पुकारा झाला तेव्हा अण्णा नव्हते. आधीच बऱ्याच तारखा पडलेल्या. न्यायाधीशांनी गैरहजेरीमुळे अर्ज फेटाळला. सेल्वमनं त्याच सकाळी स्वतःचा अर्ज मागे घेतला होता. पुढच्या सोमवारी तो गणवेश घालून कामावर आला. मला पाहून त्यानं मान वळवली.

वकील म्हणाले, “अर्ज पुन्हा सुरू करून घेता येईल. ताप होता असं लिहू. कोर्ट मानतं.”

“ताप नव्हता,” अण्णा म्हणाले. “मित्रानं खोटं सांगितलं, असं लिहा.”

वकिलांनी ‘मित्र’ऐवजी ‘सहअर्जदार’ घातलं. अण्णा त्या शब्दाकडे बघत राहिले, मग त्यांनी सही केली.

सुनावणीच्या आदल्या दिवशी ते मला घेऊन सेल्वमच्या घरी गेले. दोघं दारातच तमिळमध्ये बोलले.

“उद्या माझा अर्ज आहे. त्यात तुझं नाव आलंय. तुला ठाऊक नव्हतं असं होऊ नये, म्हणून सांगायला आलो.”

“अण्णा, पोरीचं लग्न ठरलंय. कंपनीनं परत घेतो म्हटलं...”

“मग मला सांगायचंस ना. मी एकटा गेलो असतो.”

 दुसऱ्या दिवशी सेल्वम कोर्टात आला नाही. अण्णांचा अर्ज मात्र कोर्टानं पुन्हा सुरू केला.

आता ते तंजावरला मुलीकडे राहतात. इकडे आले तरी माझ्याकडे उतरत नाहीत. तारीख असो वा नसो, चेन्नईला येऊन कोर्टाबाहेरच्या फळ्यावरची यादी स्वतः वाचतात.

मागे मी म्हणालो, “अण्णा, एवढ्या लांबून कशाला येता? तारीख मी फोनवर कळवेन की.”

त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. “नको, बाळा,” ते हळूच म्हणाले. “मीच पाहतों.”