खड्डे नसलेला गेम

बाळकुमला आमच्या समोर राहणारे गृहस्थ दर रविवारी एकदाच बेल वाजवतात आणि दारापासून दोन पावलं मागे सरकून उभे राहतात. हातात गेम खेळायचा छोटा कन्सोल असतो. लग्नानंतर नवरा-बायको घरच्या कॉम्प्युटरवर जो गेम खेळायचे, तो जुना गेम त्यांनी खटपट करून त्यावर बसवलाय.

"ताई, जरा खेळून बघा. काय अडतंय ते लिहून द्या. तुम्ही नीट लिहिता."

मी खेळते आणि चुका क्रमाने लिहून देते.

त्यांच्या बायकोच्या हातांतली शक्ती महिन्यागणिक कमी होतेय. ती परत येणार नाही, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलंय. म्हणून ते गेम सोपा करत जातात. आधी सगळ्या उड्या एका बटणावर आणल्या, मग शत्रू काढले, मग खड्डे.

"अहो, खड्डे कसले बुजवताय?" ती आतून ओरडायची. "आधी शीळफाट्याच्या रस्त्यावरचे बुजवा!"

या रविवारी गेममधला माणूस आपोआपच चालत होता. मी लिहिलं, 'एक. बटणं चालत नाहीत.'

"ती चूक नाही, ताई," ते म्हणाले. "तेवढं खोडा."

मग ते मला आत घेऊन गेले. कन्सोल उशीला टेकवून त्यांनी बायकोचा अंगठा उचलला आणि बटणावर ठेवला.

"बघा, एकदाही हरली नाही! काय, ताई?"

"हो ना," मी म्हटलं. तेव्हा ती स्क्रीनकडे नाही, माझ्याकडे बघत होती.