डाव्या बाजूचा वार

तुमचे आजोबा परदेशातल्या वकिलातींमध्ये होते, एवढंच तुम्हाला माहीत आहे. त्याआधी ते वकील होते आणि त्याही आधी, कॉलेजात, तलवारबाज. कोर्ट सुटलं, वकिलाती सुटल्या; तलवार मात्र आमच्याबरोबर जव्हारला आली. इथेही त्यांना स्वस्थ बसवत नाही. सकाळपासून व्हरांड्यात येरझाऱ्या, मग बोटाभोवती गाडीची किल्ली फिरवत, "जरा दाभोशाच्या धबधब्यापर्यंत जाऊन येतो."

या हिवाळ्यात ती किल्ली वाजली की मी हातातलं काम टाकून फाटकाशी जाऊन उभी राहायचे. गाडीच्या डाव्या अंगाला फाटकाचे ओरखडे होते. चहाचा कप डावीकडे ठेवला तर हात लागून सांडायचा.

"डाव्या डोळ्यानं नीट दिसतं ना?"

"तुला असं का वाटतं?"

उलटतपासणी आणि वाटाघाटी दोन्हींत मुरलेल्या माणसाकडून साध्या प्रश्नाचं उत्तर मिळत नाही. नाशिकच्या डॉक्टरांची वेळ मी घ्यायची आणि त्यांनी पुढे ढकलायची. तुमच्या बाबांना कळवायचं नाही, हे मात्र स्पष्ट बजावलेलं. आता कळवायला हरकत नाही.

दर रविवारी जवळच्या जामसर गावची एक तरुण शिक्षिका त्यांच्याकडे तलवारबाजी शिकायला येते. तिला ती शाळेतल्या मुलींना शिकवायची आहे. अंगणात वार मोजणारं यंत्र नाही, म्हणून आजोबांचा जुना नियम: ज्याला वार लागला त्यानंच हात वर करून 'लागला' म्हणायचं. एकदा ती हात वर करायला रेंगाळली, तर त्यांनी त्या दिवसाचा सराव तिथेच थांबवला होता.

आजोबा डावखुरे; तलवार डाव्या हातात, म्हणून ती बाजू त्यांची एरवी भक्कम. त्या रविवारी तिचा प्रत्येक वार त्यांच्या डावीकडूनच आत येत होता आणि ते प्रत्येक वेळी इमानानं हात वर करत होते. शेवटी तिनंच तलवार खाली केली.

"वकीलसाहेब, मुद्दाम जिंकवताय ना मला?"

"मुळीच नाही."

"मग अडवत का नाय? माझ्या पोरीसुद्धा असली फुकटची जीत घेणार नाय."

 मुद्दाम सोडले म्हणावं तर त्यांच्याच अंगणात, त्यांच्याच नियमात खोटं बोलणं झालं असतं. त्यांनी तोंडावरचा जाळीचा मुखवटा काढला आणि हात वर केला.

"त्या बाजूचं दिसत नाही मला."

इतके दिवस मी विचारत होते आणि सांगितलं ते तिला! मला राग आला, हायसंही वाटलं. गाडीची किल्ली त्यांनी स्वतःच खिळ्याला अडकवली.

नाशिकला आम्ही एसटीनं निघालो. मोखाड्याला गाडी थांबली तशी ते उतरून फेऱ्या मारू लागले. कंडक्टरनं हाक मारली तेव्हा चढले, पण गाडी सुटली तरी दांडा धरून उभेच.

"बसा आता."

"डॉक्टर काय म्हणतील गं?"

या वेळी ते खरंच विचारत होते. मला ठाऊक नव्हतं. मी तसंच सांगितलं, आणि ते माझ्या शेजारी येऊन बसले.