दिवसा सांगितलेली गोष्ट

मी लोककथा, झाडं, तळी यांवर फिल्म करते, म्हणजे माझा असल्या गोष्टींवर विश्वास असणार असं सगळे धरून चालतात. अजिबात नव्हता हो! मला गोष्टी ऐकायला आवडतात, एवढंच.

मी नागपुरात मनीषनगरला राहते. वडील गेल्यावर मला वाढवलं ते मामांनी. ते जुन्या महाल भागात राहतात. तीस वर्षं स्कूलबस चालवली, त्यामुळे नागपूरची गल्ली न् गल्ली पाठ. माझा पहिला कॅमेराही त्यांनीच घेऊन दिला.

मागच्या हिवाळ्यात मौद्याजवळच्या एका खेड्यात शूटिंग होतं. तिथले म्हातारे श्रावणबाबा तळ्याची गोष्ट सांगणार होते. पण भर दुपारी कॅमेरा लावलेला बघून ते अडून बसले.

"दिवसा गोष्ट सांगत नाई वं पोरी. मामा रस्ता भुलते."

दिवसा गोष्ट ऐकली की ऐकणाऱ्याचा मामा वाट चुकतो, हे मीही लहानपणी ऐकलेलं. पण माझ्याकडे लाइट नव्हते, आणि तळ्यावर ऊन इतकं सुंदर पडलं होतं... मी हट्टाला पेटले. शेवटी बाबांनी सांगितली.

संध्याकाळी मामीचा फोन. मामा दुपारी भाजी आणायला गेले, ते घरामागच्याच गल्लीत स्कूटर घेऊन उभे — लोकांना महालचा रस्ता विचारत होते! अर्ध्या तासानं आपोआप ठीक. वेळ विचारली, तर बाबा गोष्ट सांगत होते तीच. मी म्हटलं, योगायोग.

पुढे एका सकाळी मी बाबांची तीच गोष्ट एडिट करत बसले होते, आणि माझ्याकडे जेवायला निघालेले मामा थेट मौद्याच्या रस्त्याला लागले. डॉक्टर झाले, तपासण्या झाल्या, सगळं नॉर्मल. मी गुपचूप दिवेलागणीनंतरच एडिट करू लागले. मग एकदाही काही झालं नाही.

फिल्म एका महोत्सवात निवडली गेली. शहरातच, पण वेळ सकाळी अकराची. मी मामांना सगळं सांगून फिल्म मागे घेते म्हणाले, तर तेच चिडले.

"काहून डरून राहिली वं? मी घरातच बसतो. घरात बसलेला माणूस कुठं भुलन?"

मला तेच ऐकायचं होतं, हे आज कबूल करते.

फिल्म अर्धी झाली आणि मामीचा फोन आला. रडत होती. "अवं, तुये मामा चप्पल घालून दारात उभे हायेत. मलेच म्हणून राहिले — बाई, मले घरी जायचं हाये, रस्ता सांगता का?"

मी धावत जाऊन फिल्म बंद करायला लावली. तिथेच चुकलं का? श्रावणबाबांना विचारलं, तर म्हणाले, "अर्धी गोष्ट कोणी सोडते का वं?" उरलेली फिल्म मी अंधार पडल्यावर मामांसमोर कितीदा तरी लावली. काही उपयोग नाही.

आता दिवसभर सगळं ठीक असतं. मामा जेवतात, पेपर वाचतात, माझ्या कामाची चौकशी करतात. फक्त दिवे लागले की उठून चपला शोधतात आणि मामीला फार अदबीनं म्हणतात, "बाई, निघतो आता. घरी बायको वाट पाहून राहिली असन."