निरोपाची टोपी

हेतराम ठाकुरांइतका भिडस्त माणूस मी आमच्या कुल्लूकडे दुसरा पाहिला नाही, आणि त्या भिडेनेच त्यांचं वाटोळं केलं. सरकारी कॉलेजात ते वनस्पतिशास्त्र शिकवायचे, मी संस्कृत. बायको वारलेली. घरी एकच मुलगी, बिंदी, जन्मापासून बहिरी. बापलेकींनी हातांची आपली एक भाषा बनवली होती. गालावर बोट घासलं की सफरचंद, कपाळावर मूठ टेकली की आई. ती भाषा जगात त्या दोघांनाच येत होती.

एका पुढाऱ्याच्या सुनेला घराजवळचं कॉलेज हवं होतं. तिचाही विषय वनस्पतिशास्त्रच. पुढाऱ्याने वर चिठ्ठी पाठवली आणि हेतरामजींची बदली डोंगरांपलीकडच्या पांगीला झाली. बर्फ पडला की पांगीची वाट महिनोन् महिने बंद. बिंदीला फिट्स यायच्या, डॉक्टर जवळ लागायचा. तिला तिकडे नेणं शक्यच नव्हतं.

बदलीविरुद्ध ते कोर्टात गेले. शिमल्याच्या वकिलाने त्यांना बजावलं, "मास्टरजी, स्थगिती मिळेपर्यंत कार्यमुक्तीचा कागद घेऊ नका, चार्ज देऊ नका. तुम्ही जागेवर असाल तरच स्थगितीला अर्थ आहे."

हेतरामजींनी दोन्ही पाळलं. मग प्राचार्यांचा सांगावा आला, "कोर्टकचेरी चालू द्या हो, आमच्याबरोबर चहा तर प्याल?"

"जाऊ नका," मी म्हटलं.

"मॅडमजी, नुसता चहा आहे. इतकी वर्षं एका टेबलाशी बसलो. तोंड कसं फिरवू?"

चहा कसला! फळ्यावर 'निरोप समारंभ' लिहिलेलं, टेबलावर मिठाई. प्राचार्यांनी त्यांच्या खांद्यांवर शाल घातली आणि डोक्यावर कुल्लूची टोपी चढवली. आमच्याकडे कुणी मानाने घातलेली टोपी काढून ठेवणं म्हणजे भर सभेत त्याच्या थोबाडीत मारणं. हेतरामजींनी ती काढली नाही. उलट चार गोड शब्द बोलले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, आणि हे कशासाठी चाललंय ते त्यातल्या बहुतेकांना ठाऊक होतं. फोटोग्राफर काय आपोआप आला होता?

तो फोटो सुनेच्या वकिलाने कोर्टापुढे ठेवला. "साहेब, हे तर हसत हसत निरोप घेऊन मोकळे झालेत! आमच्या मॅडम कामावर रुजूसुद्धा झाल्या." स्थगिती मिळाली नाही. खटला तेवढा रेंगाळत राहिला.

बिंदीला थोरल्या भावाकडे गावी ठेवून ते पांगीला गेले. भावजय दुष्ट नव्हती, तिला लोकांची लाज वाटायची. "माकडिणीसारखे हात काय नाचवतेस?" म्हणत ती पोरीच्या बोटांवर फटका द्यायची. पांगीहून फोन लागला तरी बहिऱ्या मुलीशी बाप बोलणार काय? पहिल्या उन्हाळ्यात ते भेटून गेले. पुढच्या वर्षी 'तुमच्या जागी शिकवायला कुणी नाही' म्हणून रजाच नाकारली.

तिसऱ्या वर्षी निकाल लागला. बदली कॉलेजच्या गरजेपोटी नव्हे, चिठ्ठीपोटी झाली होती, म्हणून रद्द. हेतरामजी परतले तेव्हा प्राचार्य त्यांना मिठी मारून म्हणाले, "जिंकलात की हो! आता पार्टी पाहिजे!" त्या माणसाच्या अंगावर हातातला चहा फेकावा असं मला फार वाटलं.

त्याच संध्याकाळी मी त्यांच्याबरोबर गावी गेले. बिंदी अंगणात राजमा निवडत होती. चांगली उंच झाली होती. हेतरामजी तिच्यासमोर उकिडवे बसले आणि दोन्ही हातांनी भराभरा सांगू लागले. मला त्यातलं काही कळत नव्हतं, पण त्यांचे हात थांबेचनात. पोरगी टक लावून बघत राहिली. मग तिने काकीकडे पाहिलं, उठली, ओढणी डोक्यावर घेतली आणि आतून पाण्याचा ग्लास आणून त्यांच्यापुढे ठेवला. पाहुण्याला करतात तसा खाली मान घालून नमस्कार केला.

"बघा भावजी," भावजय कौतुकाने म्हणाली, "किती वळण लावलं मी हिला!"

हेतरामजींनी ग्लास उचलला. "उपकार झाले, भाभी," ते म्हणाले, आणि सगळं पाणी प्यायले.