बारा विरुद्ध अकरा

मिनेसोटातल्या त्या खेड्यात मी दोन वर्षं कॅमेरा घेऊन जात होतो. नॉर्वेहून आलेल्या शेतकऱ्यांची ही चौथी पिढी. त्यांची बटाट्याची पोळी, जेवणाआधीची जुन्या भाषेतली प्रार्थना, चर्चच्या तळघरातली कॉफी, सगळं विरून जायच्या आत मला टिपून ठेवायचं होतं. माहितीपट बनवणं म्हणजे दुसऱ्याच्या घरात नाक खुपसणं, हे मला पक्कं ठाऊक आहे. तरी खोड जात नाही.

त्या रविवारी प्रार्थना झाल्यावर मतदान होतं: चर्च चालू ठेवायचं की बंद करायचं. सभासद उरले होते तेवीस. अध्यक्षांनी मला आधीच बजावलं, "शूट कर, पण कुणाचीही चिठ्ठी दिसता कामा नये." मी शब्द दिला.

चर्च वाचवण्यासाठी सगळ्यांत जास्त भांडल्या होत्या त्या तिथलं स्वयंपाकघर सांभाळणाऱ्या बाई. वय शहाऐंशी. मी त्यांना काकू म्हणायचो, आणि अर्थ कळल्यापासून त्यांना ते आवडायचं. चिठ्ठ्या वाटल्या गेल्या तसा मी लांबूनच त्यांच्या चेहऱ्यावर झूम केला. त्या लिहायला वाकल्या आणि माझा मेला हात सवयीने कॅमेरा खाली घेऊन गेला. डोळे अधू, म्हणून अक्षर चांगलं ठळक. 'बंद करा.'

मी घाईने कॅमेरा अध्यक्षांकडे वळवला. अध्यक्ष एकेक चिठ्ठी मोठ्याने वाचू लागले. अकरा-अकरा झाले, तेव्हा कुणी खोकतसुद्धा नव्हतं. मग शेवटची चिठ्ठी उघडली. बारा विरुद्ध अकरा. चर्च बंद.

जो तो काकूंकडे धावला. बायका त्यांच्या गळ्यात पडून रडत होत्या, तुम्ही जिवाचं रान केलंत म्हणत होत्या. काकू कोरड्या डोळ्यांनी सगळ्यांच्या पाठीवरून हात फिरवत होत्या. मला त्यांचा राग आला, खरंच आला. आणि लाज वाटते सांगायला, फिल्मला शेवट मिळाला म्हणून मी आतून खूशही झालो.

दुपारी सगळे गेल्यावर तळघरात त्या कप विसळत होत्या आणि मी पुसत होतो.

"तुझ्या कॅमेऱ्याला किती लांबचं दिसतं रे?" त्यांनी विचारलं.

मी पुसलेलाच कप पुन्हा पुसू लागलो. "तेवढ्या लांबचं नाही दिसत, काकू."

त्यांनी हातातला कप खाली ठेवला आणि म्हणाल्या, "पायऱ्यांवरचा बर्फ मी काढते. कॉफी मी करते. सगळे म्हणतात, तुम्ही आहात म्हणून चाललंय. आता माझ्याच्याने होत नाही, एवढं सांगायची माझी छाती झाली नाही." नळ तसाच वाहत होता. "तुला दिसलं असतं तर बरं झालं असतं. एकाला तरी ठाऊक असतं."

"दिसलं," मी म्हणालो.

काकूंनी सिंकची कड घट्ट धरली आणि त्या दिवसात पहिल्यांदाच रडल्या.