उणे चाळीस

स्कॅनरमामा गाडीला घाबरायचे. गाड्या दुरुस्त करून पोट भरणारा माणूस गाडीलाच घाबरतो, हे मला आधी खरं वाटलं नव्हतं. पण बॉनेट उघडल्यावर ते लगेच आत हात घालायचे नाहीत. दोन पावलं मागे सरून, हात पाठीशी बांधून, अनोळखी कुत्र्याकडे बघावं तसे इंजिनाकडे बघत राहायचे. बॅटरीची वायर सोडवायची असली तर आधी घड्याळ आणि अंगठी काढून खिशात टाकायचे. कोणी हसलं तर म्हणायचे, "भ्यालं पायजे. जो भेत नाय तो वायरी जाळतो, आन् वरून म्हणतो कंपनीचा माल खराब."

उस्मानपुऱ्यातल्या एका गल्लीत त्यांचं पत्र्याचं गॅरेज होतं. वर पाटी होती, "येथे स्कॅनिंग होईल". एवढंच. गाडीचं नाव नाही, चित्र नाही. एकदा म्हणे एक आजोबा गुडघा दाखवायला आत आले होते आणि मामांनी त्यांना चहा पाजून, दवाखान्याचा पत्ता सांगून पाठवलं होतं. मामा मूळचे लासूर स्टेशनचे. सगळी नोकरी एसटीच्या वर्कशॉपमध्ये इलेक्ट्रिशियन म्हणून केलेली. निवृत्त झाल्यावर, बरोबरीचे लोक देवदर्शनाला निघाले तेव्हा, हे गाडीच्या कॉम्प्युटरचे कोड पाठ करत बसले. त्यांना इंग्रजी जेमतेम येत होतं, पण कोड तोंडपाठ. गिऱ्हाईक बोलायला लागलं की ते मध्येच म्हणायचे, "एकशे अठरा नंबर दिसतोय", आणि बहुतेक वेळा तोच निघायचा.

मी त्यांच्याकडे गेले ती दुष्काळाची वर्षं होती. बीड बायपासच्या पलीकडे नवीन कॉलन्या उठत होत्या, त्यांतल्या एकीत आम्ही राहायला गेलो होतो. घर नवं होतं, फरशी चकचकीत होती, नळाला मात्र पाणी नव्हतं. सगळं टँकरवर. त्याच वर्षी बाबांच्या मूत्रपिंडांनी काम थांबवलं. आठवड्यातून दोनदा डायलिसिस. आई टँकरची वाट बघत घरी थांबायची, कारण टँकर आला आणि दारात कोणी नसलं तर तो पुढच्या गल्लीत निघून जायचा. बाबांना न्यायचं काम माझ्याकडे आलं. रिक्षावाले आमच्या खडी टाकलेल्या रस्त्यावर यायला नाही म्हणायचे. गाडी जुनी होती आणि मी नवखी.

त्यात इंजिनाचा पिवळा दिवा लागायला लागला. दिवा लागला की गाडी हिसके द्यायची आणि गर्दीत कधीही बंद पडायची. रेल्वेच्या उड्डाणपुलाच्या चढावर, मागे वाळूचे ट्रक आणि पाण्याचे टँकर हॉर्न वाजवत असताना, मागच्या सीटवर बाबा डोळे मिटून बसलेले असताना गाडी बंद पडणं काय असतं ते मी कोणाला सांगितलं नाही. तसंही मी कोणाला फारसं काही सांगत नसे. रात्री झोपण्याआधी मी तो पूल मनातल्या मनात एकदा चढून उतरायचे.

आधीच्या एका गॅरेजवाल्याने एक सेन्सर बदलून दिला होता. आठ दिवसांनी दिवा परत आला. मग मी बोटाएवढं एक यंत्र ऑनलाइन मागवलं. ते गाडीला लावायचं, फोनवर कोड दिसतो, बटण दाबलं की पुसला जातो आणि दिवा विझतो. बाबांना घेऊन निघण्याआधी मी दर वेळी कोड पुसायला लागले. बाबांना पिवळा दिवा दिसू नये, एवढंच माझ्या डोक्यात होतं.

मामांनी पहिल्या दिवशी त्यांचा मोठा स्कॅनर लावला. पडद्यावर कोड नव्हता.

"पाटी कोरी हाय," ते म्हणाले. "कुणी पुसली?"

"आधीच्या गॅरेजमध्ये. तीन आठवडे झाले."

"अरारा. माय, बिघाड झाला त्या घडीला गाडी लिहून ठेवती. किती पळत हुती, किती तापली हुती, सगळं. ती तिची जबानी असती. पंचनाम्याच्या आधी जबानी पुसली तर चोर सापडंल का?"

मी मान खाली घातली. त्यांनी पडद्यावरची एक ओळ जरा वेळ पाहिली आणि स्कॅनर बंद केला. पुढे काही विचारलं नाही.

नंतर मात्र त्यांनी इतकं विचारलं की मला घाम फुटला. चढाला होतं का उताराला? निघाल्या निघाल्या का तापल्यावर? बंद पडायच्या आधी पेट्रोलचा वास येतो का? मी "हो", "नाही", "माहीत नाही" एवढंच म्हणत होते. मग त्यांनी स्कॅनर माझ्या हातात दिला. "इंग्रजी शाळेतली दिसतीस. वाचून दाखव. माझा चष्मा घरी राह्यला." चष्मा त्यांच्या शर्टाच्या खिशात दिसत होता. मी वाचायला लागले, आणि वाचता वाचता बोलायलाही लागले. तापल्यावरच होतं. वास येतो. आधी गाडी खोकल्यासारखी करते. तोवर माझ्या ध्यानात आलं नव्हतं की मला एवढं सगळं माहीत आहे.

त्यांची एक पद्धत होती. गाडी ते स्वतः चालवून बघायचे नाहीत. जो रोज चालवतो त्यानेच चालवायची, ते शेजारी स्कॅनर मांडीवर घेऊन बसणार. "माझ्या हातानं गाडी शहाण्यावानी चालती," म्हणायचे. "खोड तुझ्या हाताला दिसंल." सीटबेल्ट लावून दुसऱ्या हाताने वरचं हँडल घट्ट धरायचे आणि मला म्हणायचे, "हळू घे गं माय, मला लेकीकडं जायचंय अजून."

सकाळ असूनही ऊन भाजत होतं. आम्ही गल्ल्यांमधून फिरत राहिलो. इंजिनाचं तापमान ते मोठ्याने वाचत होते. ऐंशी. अठ्ठ्याऐंशी. चौऱ्याण्णव. चौऱ्याण्णव. एका खड्ड्यात चाक गेलं आणि ते ओरडले, "उणे चाळीस!"

गाडी हिसका देऊन बंद पडली.

"बघ, बघ. भायेर माणसं भाजायलेत, आन् हिला वाटतंय आपुन बर्फात हाय. थंडी वाजायली म्हणून पेट्रोल पितीया घटाघटा, अन् ठसका लागतोय." ते इतके खूश झाले की घाबरायचंच विसरले. "वायर तुटली की कॉम्प्युटर उणे चाळीस दाखवतो. सेन्सर चांगला हाय. वायर खोटं बोलायली."

गॅरेजमध्ये परत आल्यावर त्यांनी तापमानाच्या सेन्सरवरची प्लॅस्टिकची टोपी काढली. आतल्या पिना हिरव्या झाल्या होत्या आणि भोवती पांढरा थर होता, आमच्या बादल्यांच्या कडेला असायचा तसाच.

"रेडिएटरात पाणी कुठलं टाकता?"

"टँकरचं."

त्यांनी तो थर नखाने खरवडला. "बोअरचं खारं पाणी? आगं, त्यानं साबणाला फेस येत नाय."

वर्षभर मीच टाकत होते. पातळी कमी झाली की मगाने ओतायचे. कूलंट विकत घ्यायचं असतं हे मला ठाऊक नव्हतं, आणि ज्या पाण्यासाठी आई दिवसभर दारात उभी राहायची ते पाणी वाईट असेल असं मनात आलं नव्हतं. ते पाणी सेन्सरच्या बुडातून झिरपत टोपीत शिरलं होतं. मामांनी सगळं पाणी काढलं, रेडिएटर चार वेळा धुतला, कूलंट आणि बॅटरीचं पाणी मिसळून भरलं. नवी टोपी दुसऱ्या दिवशी मिळणार होती. तोवर त्यांनी वायरी नुसत्या पिळून सेन्सरला जोडल्या आणि टेप गुंडाळली. "हे फक्त गाडी इथं उभी ऱ्हायासाठी. रस्त्यावर न्यायची नाय."

तेवढ्यात माझा फोन वाजला. डायलिसिस सेंटरमधून होता. त्यांच्याकडे संध्याकाळचा टँकर येणार नव्हता, टाकीत पाणी थोडंच होतं. बाबांची पाळी संध्याकाळची होती. "दोनच्या आत आणा, नाहीतर परवा."

मागची पाळीही पाण्यावाचून अर्धीच झाली होती. बाबांचे पाय सुजले होते, दोन दिवस त्यांना आडवं झोपता येत नव्हतं, श्वास लागायचा. परवापर्यंत काय होईल ते डॉक्टरांनी आम्हाला स्पष्ट सांगून ठेवलं होतं. सव्वा वाजला होता. मी मामांना हे सगळं सांगितलं की नुसतं "बाबा" म्हणाले ते आठवत नाही. त्यांनी घड्याळ पाहिलं, बॉनेट पाडलं आणि स्कॅनर घेऊन शेजारी येऊन बसले.

"नजर रस्त्यावर ठिव. काटा मी बघतो. आकडा सांगत जाईन. जवर मी चौऱ्याण्णव म्हणतोय तवर काय बी हुणार नाय."

घरी जाताना पूल नीट पार झाला. आईने आणि मी बाबांना मागच्या सीटवर बसवलं. ते पुढच्या दोन सीटांच्या मधोमध वाकून बसले, कारण टेकून बसलं की श्वास लागायचा. आईने खिडकीतून आत बघितलं, अनोळखी माणूस पाहून पदर सारखा केला, आणि मागे सरली. तिला टँकरसाठी थांबायचं होतं.

परतीच्या रस्त्यातलं मला फक्त मामांचा आवाज आठवतो. "नव्वद. ब्याण्णव. चौऱ्याण्णव." बायपासवर एक डंपर अगदी खेटून गेला. "चौऱ्याण्णव." गतिरोधकावर गाडी आदळली. "चौऱ्याण्णव, माय. चल." पुलाचा चढ सुरू झाला. पुढे टँकर होता, त्याच्या मागून पाण्याची धार रस्त्यावर सांडत होती. "चौऱ्याण्णव. पाय काढू नको. चौऱ्याण्णव." आम्ही पूल उतरलो. दोनला दहा मिनिटं असताना बाबांना व्हीलचेअरवर घेतलं.

मशीन सुरू झाल्यावर मी बाहेर आले. मामा बाकावर बसले होते. कोणीतरी दिलेला चहा त्यांच्या शेजारी तसाच निवला होता.

"तुला एक सांगतो," ते म्हणाले. "रागावू नको. गतिरोधकापासनं स्कॅनर बंद हुता."

मला कळलं नाही.

"स्कॅनरची वायर निसटली. ती तुझ्या पायापाशी लागती. वाकलो असतो तर तू खाली बघितलं असतं. काळा पडदा मांडीवर घिऊन बसलो. लई भ्यालो. जिंदगीत कुणाला खोटा आकडा सांगितला नव्हता."

मी त्यांच्या शेजारी बसले. मग मी म्हणाले, "मामा, कोड मीच पुसत होते. दर वेळी. आज सकाळीसुद्धा."

"ठावं हाय की."

"कसं?"

"पुसल्यापासनं गाडी किती चालली ते स्कॅनरात येतं. नऊ किलोमीटर. तू म्हणालीस तीन आठवडे."

"मग बोलला का नाहीत?"

"भ्यालेल्या माणसाचं खोटं धरलं, की तो तोंडच मिटून घेतो. मला तर तुझ्याकडनं लई विचारायचं हुतं."

दुसऱ्या दिवशी त्यांनी वायरी डाख देऊन पक्क्या जोडल्या आणि नवी टोपी बसवली. त्यानंतर गाडी रस्त्यात कधी थांबली नाही. बाबांची एकही पाळी गाडीमुळे चुकली नाही. मी कोड पुसणं सोडलं. ते यंत्र अजून टेबलाच्या खणात आहे.

पुढच्या वर्षी ती गल्ली रुंद करायचं ठरलं. गॅरेजच्या भिंतीवर, पाडायच्या बांधकामांवर टाकतात तसा, लाल रंगाचा आकडा पडला. मामांनी भांडण केलं नाही. लेक लासूर स्टेशनला होती, तिच्याकडे जायचं ठरवलं. तिकडे कुठल्या गाड्या स्कॅन करणार, विचारलं तर म्हणाले, "ट्रॅक्टर बघंन. त्याला कोड नसतो. त्याला नुसतं भ्यायचं."

ते जाणार त्या दिवशी बाबा म्हणाले, मलाही ने. आजारपण सुरू झाल्यापासून ते कोणाला भेटायला जात नसत. गॅरेज रिकामं झालं होतं. मामांनी एका डब्यावर कापड टाकून त्यांना बसवलं. दोघंही कमी बोलणारे. पावसाचं बोलून झालं, म्हणजे पाऊस नाही हे बोलून झालं.

मग बाबा म्हणाले, "त्या दिवशी पुलावर तुम्ही चौऱ्याण्णव चौऱ्याण्णव म्हणत होता."

"व्हय."

"मी मागून वाकून बसलो होतो. मला पडदा दिसत होता."

मामांनी मान वर केली. मीही.

"काळा होता," बाबा म्हणाले. "मी म्हटलं, आता बोललो तर ही ब्रेक मारेल."

"आन् भ्याला नाय तुमी?"

"भ्यालो की. पण ती चालवत होती ना."

मामा उठले. बाबांच्या डाव्या हातावर फुगलेली शीर होती, डायलिसिसच्या सुया टोचायची, त्या हाताकडे त्यांनी पाहिलं, मग दुसरा हात त्यांनी आपल्या दोन्ही हातांत धरला. मी गाडीत जाऊन बसले, कारण मला त्यांच्यासमोर रडायचं नव्हतं.

बाबा पुढच्या उन्हाळ्यापर्यंत होते. सेंटरमध्येच गेले, वेळेवर पोचलेल्या एका सकाळी. मी पहिला फोन आईला केला. दुसरा लासूर स्टेशनला.