गोदामावशींचा नेलेला फोटो

माहितीपट म्हणजे समाजाची स्मृती. हे वाक्य आमच्या निर्मात्याच्या व्हिजिटिंग कार्डावर छापलंय. मी लोहारा तालुक्यात, त्र्याण्णवच्या भूकंपानंतर सरकारकडून मिळालेल्या एका घरासमोर, ट्रायपॉड कुठं लावायचा ते बघत होतो. तेवढ्यात गोदामावशींनी विचारलं,

"साहेब, रडायचं आधी का बोलून झाल्यावर?"

त्यांची लहान मुलगी सुमन भूकंपात गेली. तेव्हापासून दर सप्टेंबरात कुणीतरी कॅमेरा घेऊन येतं. उजेड कुठं चांगला, कॉलर माईक पदराला कसा लावायचा, सगळं त्यांना पाठ झालंय.

मी या धंद्यात कॅमेरा अटेंडंट म्हणून शिरलो, म्हणजे पेट्या उचलायला. मग फोकस पुलर झालो. माणूस हलला की लेन्सची रिंग फिरवून त्याला स्पष्ट ठेवायचं. मग कॅमेरामन. दिग्दर्शक म्हणून ही पहिलीच फिल्म. बढतीनं फरक एवढाच पडला, की लोक आता मला प्रश्न विचारू लागले.

"तुमच्या मनाप्रमाणं करा, मावशी. सुमनचा फोटो आहे?"

"येकच हुता. येरमाळ्याच्या जत्रंत काढलेला. टीव्हीवाल्यांनी नेला. आणून देतो म्हणले. लई वर्सं झाली." मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "तोंड इसरत चाललंय मला तिचं. कुणाला सांगू नका. माय हाय मी."

कॅमेरा बंद होता. तो मी बंदच ठेवला.

संध्याकाळी निर्मात्याचा फोन आला. "बाई रडल्या का?"

"फोटो शोधतोय."

"तू डायरेक्टर आहेस. पोस्टमनचं काम कुणी सांगितलं?"

मला आशा होती ती शूटिंगच्या क्रूच्या एका सवयीमुळं. गेलेल्या माणसाचा फोटो मिळाला, की तो आधी अंगणात आणून शूट करतात. मुलाखतीच्या मधे दाखवायला. त्याला कटअवे म्हणतात. म्हणजे फोटो हरवला तरी त्याचं चित्रण कुठंतरी असणार.

वाहिनी कोणती, ते शेजाऱ्यांना आठवत होतं. तिथला एडिटर सलीम माझ्या ओळखीचा.

"मूळ कॅसेट पुसून परत वापरली, भाई. तेव्हा सगळेच वापरायचे," तो म्हणाला. "टीव्हीवर गेलेला कार्यक्रम तेवढा आहे."

त्यात सुमन सापडली. दोन वेण्या, कपाळावर मोठी टिकली, फोटोवाल्याकडं रागानं बघणारी. पण हनुवटीपासून खाली मजकुराची लाल पट्टी.

"पट्टी काढता येईल?"

"पट्टीखाली काही नाहीच. कापली तर चेहरा हनुवटीपाशीच तुटेल. एआयकडून खालचं बनवून घेऊ?"

"मग ती दुसऱ्या कुणाची तरी पोरगी होईल."

पट्टीसकट प्रिंट काढली, फ्रेम केली आणि लोहाऱ्याला नेली. क्रू नेला नाही. निर्मात्याच्या मते फिल्मचा सगळ्यात चांगला सीन मी घालवला. या धंद्यात चांगला सीन म्हणजे दुसऱ्याचा वाईट दिवस, हे कळायला मला पेट्या उचलण्यापासून सुरुवात करावी लागली.

मावशींनी फ्रेम दोन्ही हातांत धरली. खूप वेळ बघितलं. रडल्या नाहीत.

"व्हय. अशीच बगायची," त्या म्हणाल्या. मग पट्टीवर बोट फिरवलं. "हे काय लिवलंय? नाव हाय का तिचं?"

"व्हय," मी म्हणालो.

मावशींना वाचता येत नाही. पट्टीवर लिहिलं होतं : 'फक्त आमच्या वाहिनीवर'.